गुहेत काळ हरवतो, तो नेहमी एकाच बाजूला का हरवतो?

घटिकापात्र :

एका दीर्घकथेसाठी मी गुहांचे एक काल्पनिक जाळे रचते आहे. त्याच्या आतल्या दालनांत काळ बाहेरच्यापेक्षा वेगळ्या गतीने सरतो. त्या निमित्ताने जुन्या कथा पुन्हा वाचताना एक गोष्ट प्रकर्षाने जाणवली आणि तीच येथे चर्चेला ठेवते आहे. या कथांमधला काळ वाटेल तसा वाकत नाही, तो एकाच बाजूला झुकतो. आत थोडा जातो आणि बाहेर पुष्कळ. आत माणूस पार पिकून गेला आणि बाहेर जेमतेम तिन्हीसांज झाली होती, अशी गुहेची जुनी कथा माझ्या वाचनात आलेली नाही.

आपल्याला सर्वांत जवळची कथा मुचकुंदाची. मांधात्याचा हा पुत्र देवांच्या बाजूने दीर्घकाळ लढला आणि थकल्यावर एका गुहेत गाढ झोपी गेला. कालयवन पाठीवर असताना श्रीकृष्ण त्याच गुहेत शिरले, कालयवनाने अंधारात निजलेल्या माणसाला कृष्ण समजून लाथ मारली आणि मुचकुंदाची दृष्टी पडताच तो भस्म झाला. इथवरची कथा कीर्तनांतून सर्वांच्या कानांवर आलेली असते. मला अधिक मोलाचा वाटतो तो भागवताच्या दशम स्कंधात पुढे येणारा तपशील. गुहेबाहेर आल्यावर मुचकुंदाला माणसे, पशू, वेली आणि झाडे खुजी झालेली दिसली, त्यावरून कलियुग लागल्याचे त्याने ताडले आणि तो उत्तरेकडे निघून गेला. किती काळ लोटला हे त्याला आतून कळले नव्हते, ते झाडांच्या उंचीवरून कळले.

कुराणातल्या गुहेच्या अध्यायातील तरुण जागे होतात तेव्हा ‘एक दिवस किंवा दिवसाचा काही भाग’ आपण येथे होतो असे म्हणतात. प्रत्यक्षात तो काळ तीनशे वर्षे आणि वर नऊ असा सांगितला आहे. ग्रीक परंपरेतला क्रीट बेटावरचा एपिमेनिडीस हरवलेली मेंढी शोधताना भर दुपारी गुहेत आडवा होतो आणि ५७ वर्षांनी उठतो. उठल्यावर तो पुन्हा मेंढीच शोधू लागतो, कारण आपला डोळा थोडा वेळ लागला होता अशीच त्याची खात्री असते.

या साऱ्या कल्पना म्हणून सोडून देता आल्या असत्या. परंतु विसाव्या शतकात काही माणसे घड्याळ वर ठेवून खरोखरीच गुहांमध्ये राहिली आणि त्यांचा हिशेबही त्याच बाजूला चुकला.

यातले सर्वांत गाजलेले नाव फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ मिशेल सिफ्र यांचे. जुलै १९६२ मध्ये, वयाच्या २३व्या वर्षी, ते फ्रान्स आणि इटलीच्या सीमेवरील आल्प्समधल्या स्कारासॉन या विवरात शंभर मीटरहून अधिक खोल उतरले. आत जमिनीखालची हिमनदी होती, तापमान गोठणबिंदूच्या आसपास होते आणि हवेतली आर्द्रता जवळजवळ पूर्ण होती. तंबू, दिवा, अन्न आणि वर जाणारी दूरध्वनीची तार एवढाच सरंजाम होता. उठल्यावर, जेवताना आणि झोपण्यापूर्वी त्यांनी वर कळवायचे, वरच्या माणसांनी मात्र आपण होऊन कधीही फोन करायचा नाही आणि वेळेचा कोणताही सुगावा लागू द्यायचा नाही, असा नियम ठरला होता. १४ सप्टेंबरला मुदत संपल्याचे त्यांना सांगण्यात आले, तेव्हा त्यांच्या वहीप्रमाणे २० ऑगस्ट होता. दोन महिन्यांच्या मुक्कामात पंचवीस दिवस गहाळ झाले होते.

त्याच मुक्कामातली एक लहानशी चाचणी मला फार विलक्षण वाटते. फोनवर ते दर सेकंदाला एक या बेताने १ ते १२० अंक मोजत असत. म्हणजे दोन मिनिटे व्हायला हवीत. वर घड्याळ लावून बसलेल्यांनी पाहिले, तर ती मोजणी संपायला पाच मिनिटे लागली होती.

नंतरच्या नोंदी पाहा. १९८९ मध्ये इटलीच्या स्टेफानिया फोलिनी न्यू मेक्सिकोतील एका गुहेत १३ जानेवारीपासून २२ मेपर्यंत राहिल्या आणि बाहेर येताना त्यांच्या मते मार्चचा मध्य चालू होता. मॉरित्सिओ मॉन्ताल्बिनी हे इटलीतल्याच एका गुहेत डिसेंबर १९९३ पर्यंत सलग ३६६ दिवस राहिले, त्यांच्या हिशेबाने २१९ दिवस झाले होते. स्पेनच्या बेआत्रिस फ्लामिनी ग्रानाडा प्रांतातल्या गुहेतून एप्रिल २०२३ मध्ये ५०० दिवसांनी बाहेर आल्या आणि त्यांचा अंदाज १६० ते १७० दिवसांचा होता. माणसे वेगळी, गुहा वेगळ्या, दशके वेगळी, पण चूक प्रत्येक वेळी कमी धरण्याची.

माझा प्रश्न असा की, ही चूक एकाच दिशेने का होते? त्याचे उत्तर मिळाले, तर माझ्या गुहेला नियम मिळेल. नुसते ‘तेथे काळ मंद आहे’ असे लिहून मला मोकळे व्हायचे नाही.

प्रहर :

घटिकापात्र, विषय फार चांगला मांडला आहे. मी जीवशास्त्र शिकवते, म्हणून शरीराच्या बाजूने लिहिते.

प्रथम एक भेद स्पष्ट करायला हवा, कारण त्यावरच सारे अवलंबून आहे. सिफ्र यांच्या मनाचा हिशेब चुकला, शरीराचा नाही. त्यांनी फोनवर कळवलेल्या झोपण्या-उठण्याच्या वेळा वर लिहून ठेवल्या जात होत्या आणि नंतर तपासल्यावर दिसले की, त्यांचे झोप-जागेचे चक्र साडेचोवीस तासांच्या आसपास बऱ्यापैकी नियमितपणे चालले होते. अंधारातही शरीर रोज एक दिवस मोजत होते आणि त्याच शरीरातला माणूस तो दिवस वहीत लिहीत नव्हता. पूर्ण रात्रीची झोप झाली तरी आपण जरा लवंडलो होतो असे त्याला वाटे आणि अख्खा दिवस जागे राहूनही थोडाच वेळ गेला असे वाटे.

शरीराचे हे मोजमाप होते कुठे? डोळ्यांकडून येणाऱ्या दृष्टिचेता जेथे एकमेकींना ओलांडतात, त्याच्या नेमक्या वर मेंदूत पेशींचा एक लहान पुंजका आहे आणि तो शरीराचे मुख्य घड्याळ चालवतो. प्रत्येक पेशीत काही प्रथिने तयार होतात, साठतात, स्वतःच्याच निर्मितीला आळा घालतात आणि मग विरतात. या चक्राला सुमारे एक दिवस लागतो. फळमाशीत ही यंत्रणा उलगडून दाखवल्याबद्दल हॉल, रॉसबॅश आणि यंग यांना २०१७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. माणसाचे हे घड्याळ उजेडावाचून सोडून दिले, तर ते सरासरी २४ तास ११ मिनिटांचे असते, असे १९९९ मध्ये हार्वर्डमधील काटेकोर मोजणीतून दिसले. रोज सकाळचा उजेड ती वरची मिनिटे छाटून आपल्याला सूर्याशी जुळवून देतो. गुहेत ते छाटणे थांबते.

परंतु अकरा मिनिटांनी पंचवीस दिवस हरवत नाहीत. दोन महिन्यांत त्यांचे जेमतेम अर्धा दिवस होतील. येथे जर्मन शास्त्रज्ञ युर्गेन आशॉफ यांचे काम उपयोगी पडते. त्यांनी बव्हेरियातील आन्डेक्स येथे जमिनीखाली खोल्या बांधून माणसांना घड्याळाविना ठेवले. त्यांतल्या काहींचे जागेपण लांबत लांबत तीस तासांच्याही पुढे जाई, तरी शरीराच्या तापमानाचे चक्र आपल्या पंचवीसेक तासांच्या चालीने वेगळे चालू राही. ज्यांचा दिवस असा लांबला, ती माणसे त्या लांब दिवसातही तीनच वेळा जेवत आणि त्यांना ‘एक तास झाला की कळ दाबा’ म्हटले तर त्यांचा तासही त्याच प्रमाणात लांबलेला असे. म्हणजे माणूस दिवस तासांनी मोजत नाही. न्याहारी, दुपारचे जेवण, रात्रीचे जेवण, झोप, एवढे झाले की त्याच्या लेखी दिवस संपला, मग त्यात कितीही तास मावोत. सिफ्र १९७२ मध्ये टेक्सासमधील मिडनाइट केव्ह या गुहेत सहा महिन्यांहून अधिक काळ राहिले, तेव्हा मधल्या काही टप्प्यांत त्यांचा दिवस ४८ तासांच्या घरात गेला, ३६ तास जागेपण आणि १२ तास झोप. त्यांना स्वतःला त्या दिवसांत आणि नेहमीच्या दिवसांत काडीचाही फरक जाणवला नाही.

आता १२० अंकांची गोष्ट. लहान अंतरांची मोजणी शरीराच्या तापमानाशी बांधलेली दिसते. हडसन होगलँड या अमेरिकन शरीरशास्त्रज्ञाने १९३३ मध्ये तापाने फणफणलेल्या आपल्या पत्नीला मिनिटभर सेकंद मोजायला सांगितले आणि ताप जितका जास्त, तितकी तिची मोजणी भरभर होते असे त्याला आढळले. स्कारासॉनमध्ये सिफ्र यांचे पाय सतत ओले असत आणि शरीराचे तापमान ३४ अंशांपर्यंत उतरे. गारठलेल्या माणसाची मोजणी संथ होणार आणि मोजणी संथ झाली की बाहेरचा काळ त्याच्या मापापेक्षा पुढे निघून जाणार. तुमच्या कथेतली गुहा थंड असेल तर हे जरूर ध्यानात घ्या. मात्र थंडी हे संपूर्ण कारण म्हणता येत नाही, कारण मिडनाइट केव्हमध्ये सुमारे २१ अंशांची ऊब होती आणि तेथेही दिवस लांबलेच.

कातळवाट :

आम्ही काही मंडळी सह्याद्रीत भटकतो आणि संधी मिळेल तेव्हा मेघालयातल्या गुहांतही जातो. त्यामुळे जागेबद्दल थोडे लिहितो.

ही कथा सह्याद्रीत घडवायची असेल, तर अडचण आहे. आपला दगड बसाल्टचा. त्यात पाणी मैलोन्मैल बोगदे कोरत नाही. आपल्याकडे आहेत ती माणसाने छिन्नीने खोदलेली लेणी, गडांवरची खांबटाकी आणि दोन लाव्हाथरांमधला तांबडा मऊ पट्टा झिजून झालेल्या कपारी. भाज्याच्या किंवा कार्ल्याच्या लेण्यात अगदी मागच्या भिंतीला टेकून उभे राहिले, तरी दाराकडून येणारा उजेड अंगावर असतोच, आणि डोळे सरावले की सकाळ-दुपार सहज ओळखू येते. ज्या अंधारात काळ हरवतो, तो अंधार चुनखडकातल्या गुहांचा. तेथे तोंडापाशी उजेडाचा पट्टा असतो, पुढे संधिप्रकाश, आणि दोन-तीन वळणे घेतल्यावर दिवा मालवला की डोळ्यांसमोर धरलेली स्वतःची बोटे दिसत नाहीत. ती हलवल्यावर ‘दिसली’ असे वाटते, पण तो मेंदूचा खेळ असतो. बोटे दुसऱ्याची असतील तर काहीच दिसत नाही.

तापमानाचेही तसेच. खोल गुहेतली हवा त्या प्रदेशाच्या वर्षभराच्या सरासरी तापमानाजवळ स्थिरावते. म्हणून टेक्सासात २१ अंश, तर केंटकीतल्या मॅमथ केव्हमध्ये बारा. तेथे रात्रीचा गारवा नसतो आणि माघ-वैशाखातला फरकही नसतो. याच स्थिरपणासाठी १९३८ मध्ये नॅथनिएल क्लाइटमन आणि ब्रूस रिचर्डसन हे शिकागोचे दोन संशोधक मॅमथ केव्हमध्ये ३२ दिवस राहिले आणि २४ ऐवजी २८ तासांचा दिवस अंगवळणी पडतो का ते पाहिले. अठ्ठावीस तासांचे सहा दिवस म्हणजे बरोबर आपला एक आठवडा. उंदीर-किडे वर चढू नयेत म्हणून त्यांनी पलंगाचे पाय जंतुनाशक भरलेल्या डब्यांत उभे केले होते. विशीतला रिचर्डसन नव्या दिवसाला सरावला, चाळिशी ओलांडलेले क्लाइटमन शेवटपर्यंत सरावले नाहीत. तुमच्या पात्रांची वये ठरवताना हे कामी येईल.

आणि घटिकापात्र, एक विनंती. ‘गुहेत काळ नसतो’ असे कृपया लिहू नका. छताला लोंबणारे आणि जमिनीवरून वर येणारे चुन्याचे खांब हे काळाचेच थर आहेत. पुष्कळ ठिकाणी त्यांची वाढ वर्षाला एक दशांश मिलिमीटरच्या आसपास असते. बोटभर जाडीत कित्येक शतके असतात आणि त्यांतल्या युरेनियम-थोरियमच्या प्रमाणावरून त्यांची वये काढता येतात. मेघालयात सोहरा म्हणजे चेरापुंजीजवळच्या मॉम्लुह गुहेतल्या अशाच एका खांबात सुमारे ४,२०० वर्षांपूर्वी पाऊसमान एकदम खालावल्याची खूण सापडली आणि तिच्या आधारे २०१८ मध्ये भूशास्त्रीय कालगणनेतल्या सध्याच्या कालखंडाला ‘मेघालयन’ हे नाव अधिकृतपणे देण्यात आले. आत गेलेल्या माणसाची तारीख चुकते, गुहेची नोंद चालूच असते.

अंशमात्र :

भौतिकशास्त्राच्या बाजूने थोडेच लिहिण्यासारखे आहे, पण ते या धाग्याच्या प्रश्नाशी जुळणारे आहे.

सामान्य सापेक्षता सिद्धांतानुसार गुरुत्वाच्या खड्ड्यात जितके खाली, तितके घड्याळ संथ. हे आता निव्वळ तत्त्व राहिलेले नाही. २०१० मध्ये अमेरिकेत केवळ ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकाने दोन घड्याळांत पडलेले अंतर मोजले गेले आणि २०२० मध्ये टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यावर ४५० मीटर उंचीवर ठेवलेले घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा अपेक्षेप्रमाणे पुढे जाताना दिसले. त्याच हिशेबाने शंभर मीटर खोल गुहेत एक वर्ष राहिलेला माणूस वरच्या माणसापेक्षा सेकंदाच्या एक कोटी भागांपैकी साधारण साडेतीन भाग कमी जगलेला असतो.

अंतर नगण्य आहे, पण दिशा पाहा. भौतिकशास्त्रातही गुहेत गेलेल्याचाच काळ थोडा भरतो. ज्यांनी त्या कथा रचल्या त्यांना हे ठाऊक असणे शक्य नव्हते, त्यामुळे याला मी जुळून आलेला योग मानतो, पुरावा मानत नाही. कथेत मुचकुंदाच्या प्रमाणात काळ वाकवायचा तर एवढे गुरुत्व लागेल की गुहा, डोंगर आणि माणूस यांतले काहीच उरणार नाही. म्हणून गुरुत्वाचे कारण कथेत देऊ नका. प्रहर यांनी सांगितलेले कारण कितीतरी बळकट आहे.

घटिकापात्र :

तिघांचेही मनापासून आभार. दोन शंका उरतात.

पहिली शंका. कंटाळलेल्या माणसाला वेळ जाता जात नाही, हा आपला रोजचा अनुभव आहे. सिफ्र मिडनाइट केव्हमध्ये पार खचले होते. रेकॉर्ड प्लेअर बिघडला, पुस्तकांना बुरशी चढली. एकटेपणा इतका झाला की, गुहेत येणाऱ्या एका उंदराशी तरी मैत्री करावी म्हणून त्यांनी त्याला जॅमचे आमिष दाखवले आणि पकडण्यासाठी वरून भांडे टाकले. भांड्याच्या काठाखाली तो उंदीर चिरडून मेला. त्यावर त्यांनी लिहिलेला शोक वाचवत नाही. अशा माणसाला एकेक तास डोंगराएवढा वाटायला हवा, मग महिने लहान कसे होतात?

दुसरी शंका सोबतीची. मार्च २०२१ मध्ये ख्रिस्तियाँ क्लो यांच्यासह पंधरा स्त्री-पुरुष दक्षिण फ्रान्समधल्या लॉम्ब्रीव्ह गुहेत ४० दिवस राहिले. ते पायांनी सायकल चालवून वीज तयार करत, ४५ मीटर खोलीवरून पाणी ओढत, एकत्र काम करत. एकमेकांना सावरायला माणसे होती. तरीही बाहेर येताना बहुतेकांना तीसच्या आसपास दिवस झाले असे वाटले आणि एकाचा अंदाज २३ दिवसांचा होता. सोबत असूनही काळ हरवतो, असे यावरून धरायचे का?

प्रहर :

पहिल्या शंकेचे उत्तर असे की, आपण काळाचा अंदाज दोन वेगळ्या तऱ्हांनी करतो. चालू तास किती लांब आहे हे त्याकडे किती लक्ष जाते त्यावर ठरते, म्हणून कंटाळ्यात तो रबरासारखा ताणतो. सरलेला महिना किती मोठा होता हे मात्र त्यातल्या किती गोष्टी वेगवेगळ्या आठवतात त्यावर ठरते. गुहेत काल आणि परवा यांना वेगळे करणारे काही नसते. तोच दिवा, तेच डबे, तीच भिंत, तोच थेंबांचा आवाज. आठवणींच्या खुंट्याच नसतील, तर चाळीस दिवस आठवताना दहा दिवसांसारखे दिसणार. म्हणून तुमच्या नायिकेला प्रत्येक तास जड जाऊ दे आणि तरीही महिना हलका निघू दे. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असतात, आणि गुहेतल्या माणसाचे दुःख बहुधा याच जोडीत असते. फ्लामिनी यांनी सुरुवातीला दिवस मोजले होते आणि दोनेक महिन्यांनंतर मोजणे सोडले. त्यानंतरचे सव्वा वर्ष त्यांच्या अंदाजात जेमतेम तीन-साडेतीन महिन्यांचे झाले.

दुसऱ्या शंकेसाठी आपल्याच देशातला एक प्रयोग सांगते. हा प्रयोग सिफ्र यांच्या कामाइतकाच लोकांना ठाऊक असायला हवा असे मला फार वाटते. मदुराईच्या कामराज विद्यापीठात एम. के. चंद्रशेखरन आणि त्यांचे सहकारी गुहेत राहणाऱ्या लहान वटवाघळांवर काम करत होते. १९८१ मध्ये त्यांनी दाखवलेली गोष्ट अशी. गुहेच्या आत, जेथे उजेड पोचत नाही अशा ठिकाणी, पिंजऱ्यात ठेवलेले वटवाघूळ आजूबाजूला त्याच जातीची मोकळी वटवाघळे असतील तर सूर्यास्ताशी बरोबर जुळलेले राहते. संध्याकाळी थवा बाहेर पडू लागला की तेही पिंजऱ्यात फडफडू लागते. तेच वटवाघूळ दुसऱ्या, रिकाम्या गुहेत एकटे ठेवले, तर त्याचे चक्र थोडे थोडे सरकत जाते आणि ते बाहेरच्या दिवसापासून सुटते.

आता लॉम्ब्रीव्हशी ताडून पाहा. मदुराईतल्या कैद्याला वेळ कळत होती, कारण त्याच्या सोबत्यांपैकी काही रोज तोंडाशी जाऊन उजेड पाहून येत होते. लॉम्ब्रीव्हमधल्या पंधराजणांपैकी एकानेही उजेड पाहिला नव्हता. पंधरा घड्याळे एकमेकांशी जुळू शकतात, पण सगळीच एकदम मागे पडली तर ते कोणाच्याच लक्षात येत नाही. म्हणजे काळ सोबतीने कळत नाही, बाहेर जाऊन आलेल्याच्या सोबतीने कळतो. तुमच्या गुहेला मी एवढाच नियम देईन की, आतल्या सर्वांचे आपसांत पूर्ण एकमत असावे.

जाता जाता एक पुरवणी. सोमालियाच्या वाळवंटाखालच्या पाण्यात लाखो वर्षे अंधारात राहिलेला एक आंधळा मासा आहे. त्याचे घड्याळ उजेडाला दादच देत नाही. अन्नाच्या ठरावीक वेळेशी ते जुळते आणि त्याचा फेरा ४७ तासांच्या घरात जातो, असे २०११ मध्ये प्रसिद्ध झाले. गुहेतच जन्मलेल्या लोकांची एखादी वस्ती कथेत असेल, तर त्यांचा दिवस कसा असेल याचा विचार येथून सुरू करता येईल.

कातळवाट :

प्रहर यांच्या नियमाला माझी जोड देतो, कारण आपल्या हवामानात गुहा संपूर्णपणे बंद कधीच नसते. पावसाळा तिच्यात शिरतो.

युरोपातल्या आणि टेक्सासातल्या त्या गुहा निवडताना अडसर येऊ नये असेच पाहिलेले असणार. मेघालयातल्या खासी आणि जैंतिया टेकड्यांत तसे जमणार नाही. सोहरात वर्षाकाठी अकरा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्यातले पुष्कळसे पाणी चुनखडकातल्या भेगांतून खाली उतरते. हिवाळ्यात ज्या वाटेने आपण कोरड्या पायांनी चालत जातो, तिच्या छताजवळ, डोक्याच्या वर, काटक्या आणि पालापाचोळा अडकलेला दिसतो. ती पावसाळ्यातली पाण्याची पातळी असते. म्हणूनच तिकडच्या सगळ्या मोहिमा हिवाळ्यात आणि फेब्रुवारीच्या सुमारास होतात.

आत मुक्काम केला तर थेंबांकडे लक्ष जाते. एका जागी पडणारा थेंब पाऊस संपल्यावर काही आठवड्यांत मंदावत जातो, कोरड्या महिन्यांत त्याच्या दोन ठिपक्यांमधले अंतर वाढते, आणि वर पाऊस सुरू झाला की थोड्याफार अवधीने तो पुन्हा वेग धरतो. कुठे हे तासांत होते, कुठे महिन्यांत, वरच्या खडकाची जाडी आणि भेगा यांवर ते ठरते. तारीख त्यावरून निघणार नाही. ऋतू मात्र निघतो. गावातल्या माणसाने नायिकेला आत जाण्याआधी अमुक झऱ्याकडे लक्ष ठेव, तो बोलू लागला की बाहेर ये, असे सांगितलेले असणे अगदी स्वाभाविक होईल.

घटिकापात्र :

कातळवाट, कथेची जागा यामुळे नक्की झाली. ती जैंतिया टेकड्यांत घडेल.

फोलिनी यांच्या तारखा मी पुन्हा समोर ठेवल्या. जानेवारीच्या मध्यात आत, २२ मे रोजी बाहेर, आणि मनात मार्चचा मध्य. ती गुहा न्यू मेक्सिकोच्या कोरड्या प्रदेशातली असल्याने त्या चुकीची किंमत त्यांना पाण्याच्या रूपाने मोजावी लागली नाही. तीच चूक जैंतिया टेकड्यांत झाली, तर वहीत मार्च चालू असताना वर मे महिन्याचा पाऊस कोसळत असेल. नायिका आणि तिच्या दोघी सोबतिणी तारखेवर ठाम असतील, कारण तिघींच्या वह्या जुळतात. झरा बोलू लागेल तेव्हा त्या त्याला अवकाळी पाऊस समजतील आणि आणखी एक झोप काढून मग निघू असे ठरवतील. ती झोप किती तासांची असेल, हे मी प्रहर यांच्या मदतीने ठरवेन. सिफ्र यांच्यानंतर गुहेत उतरलेला आंत्वान सेनी एकदा तीस तासांहून अधिक झोपला होता आणि वरच्या लोकांना तो जिवंत आहे की नाही अशी शंका आली होती, एवढे मला ठाऊक आहे. तितका वेळ जैंतियातल्या पाण्याला वाट भरायला पुरेल का, कातळवाट?

कातळवाट :

निम्माही लागणार नाही. अरुंद वाट असेल आणि वर जोराची सर असेल, तर काही तास पुरतात. झोपण्याची जागा वाटेपासून उंच, चिखलाची रेघ जेथे संपते तिच्या वर ठेवा, म्हणजे त्या जागच्या जागी सुखरूप राहतील आणि पाणी ओसरेपर्यंत अडकतील. खाण्याचे डबे किती उरले आहेत, याचा हिशेब तुम्हाला तेथून पुढे नव्याने मांडावा लागेल, कारण त्यांनी ते मार्च समजून वाटून ठेवलेले असतील.